माझा पासपोर्ट मागायला आलेला वासिल

वासिल गेल्याचं त्याच्या मुलीने फोनवर सांगितलं, तेव्हा मला रडू आलं नाही. परदेशात, वॉलॉंगॉंगला युनिमध्ये शिकताना दोन वर्षं मी त्याच्या घरात मागच्या खोलीत भाड्याने राहिले, आणि बहुतेक काळ त्याचा रागराग केला. म्हातारा तुसडा होता. माझ्या फोडणीचा वास आला की धाडधाड खिडक्या उघडायचा. आंघोळीला उशीर झाला की दार बडवायचा. स्टीलवर्क्समधून रिटायर झालेला युक्रेनियन, एवढंच मला ठाऊक होतं.

मी तेव्हा भाजी पॅक करायच्या एका शेडमध्ये कामाला लागले होते. मालक भारतीयच. 'बेटा, मेरे पास सेफ रहेगा' म्हणत त्याने माझा पासपोर्ट ठेवून घेतला. मग शिफ्ट वाढत गेल्या, लेक्चर्स बुडू लागली. काम सोडते म्हटलं की, व्हिसाच्या नियमापेक्षा जास्त तास केलेस हे इमिग्रेशनला कळवू का, असं तो गोड आवाजात विचारायचा.

एका दुपारी मी पायरीवर रडत बसलेली वासिलला दिसले. त्याने दरडावून कारण विचारलं. मी सांगितलं. तो म्हणाला, महायुद्धात, सतराव्या वर्षी जर्मन शिपायांनी त्याला गावातून उचलून मालगाडीत कोंबलं. त्यांच्या कारखान्यात पहिल्याच दिवशी कागद काढून घेतले, छातीवर कापडी बिल्ला शिवायला लावला. युद्ध संपेपर्यंत त्याने तोफगोळे बनवले. ते आपल्याच लोकांवर पडतात, हे त्याला माहीत होतं.

"माझ्या पाठीला बंदूक होती," तो म्हणाला. "तू स्वतःच्या हाताने दिलास."

हे मी त्याला अजून माफ केलेलं नाही.

पण सोमवारी तो कोट घालून माझ्याबरोबर शेडवर आला. मालकाने खुर्ची पुढे केली. वासिल बसला नाही. "हिचा कागद दे," एवढंच म्हणाला. मालक हसत समजावू लागला, तेव्हा वासिलने सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, की अशी हसणारी माणसं त्याने पूर्वी पाहिली आहेत, आणि कागद मिळेपर्यंत तो दारातून हलणार नाही. पॅकिंग थांबलं. आणखी दोन मुली आमच्या शेजारी येऊन उभ्या राहिल्या. तिघींचे पासपोर्ट परत मिळाले. बसमध्ये मी थँक्स म्हटलं, तर त्याने तोंड फिरवलं.

गेल्या आठवड्यात घर आवरायला त्याच्या मुलीने बोलावलं, म्हणून मी आता राहते त्या स्कोफिल्ड्सहून ट्रेनने गेले. करवत, सूपचा वाडगा, बुटांची आतली बाजू... प्रत्येक वस्तूवर त्याने आपलं पूर्ण नाव कोरलेलं, नाहीतर रंगवलेलं होतं. कारखान्यात त्याला फक्त नंबराने हाक मारायचे, असं मुलगी म्हणाली. दांड्यावर नाव कोरलेलं त्याचं फावडं मी मागून घेतलं.

ते आता आमच्या बॅकयार्डात आहे. काल नवरा म्हणाला, दांडा घासून छान पॉलिश करून देतो. मी त्याच्या हातातून फावडं काढून घेतलं.