कार्टूनमधल्या मोलकरणीसारखं वाकणं

ऐंशीच्या दशकात मॉरिशसमधल्या रोझ हिल गावात एका गोऱ्या कुटुंबाकडे मी कामाला होते. तिथे टीव्हीवर फ्रेंच बोलणारं जपानी कार्टून लागायचं. त्यातली शंभर वर्षांपूर्वीच्या इंग्रज बंगल्यातली मोलकरीण मालकाच्या पोरांपुढेही गुडघे वाकवायची. एकदा पाहुण्यांसमोर घरची सहा वर्षांची मुलगी मला म्हणाली, “तूपण वाक ना तशी!”

सगळे हसले. मालकीण म्हणाली, “वाक की, काय बिघडतं?”

नकार दिला तर काम जाणार, हे उघड होतं. पण आमच्यात वाकायचं ते देवापुढे आणि थोरांपुढे. मी चहाचा ट्रे ठेवला आणि सरळ मालकिणीच्या म्हाताऱ्या सासूच्या पाया पडले.

“अगं, घसरली की काय ही?” म्हणत सासूने घाबरून पाय वर घेतले.

हसणं थांबलं. मालकीण माझ्याकडे रोखून पाहत म्हणाली, “चहा ओत, निवतोय.”

काम टिकलं. मुलीने पुन्हा वाकायला सांगितलं नाही.