रांगोळीतला रिकामा गोल

रांगोळीचा पुडा फोडला की मला विश्रांतवाडीच्या पुढचं, तेव्हा नुकतंच महापालिकेत आलेलं एक गाव आठवतं. मी विकास आराखड्याच्या कामावर शिकाऊ होते, आणि बाग, पार्किंग कुठे हवं हे गावालाच विचारायचं म्हणून आम्ही बायकांना देवळापुढच्या सारवलेल्या जागेत रांगोळीने गावाचा नकाशा काढायला सांगितला होता. ओढा निळा झाला, घरं पिवळी झाली, मधोमध मात्र एक गोल रिकामाच राहिला. घरं, रस्ते सहज ओलांडणाऱ्या बायका त्या गोलाला तेवढा वळसा घालत होत्या. मला राहवेना. विचारलं, तर एक बाई म्हणाल्या, "होळीची जागा हाय ती." आमचे साहेब म्हणाले, "एका दिवसासाठी वर्षभर मोकळी? मग पार्किंग तिथेच करू." "करा की," हाताची रांगोळी झटकत बाई म्हणाल्या, "होळीला गाड्या हलवल्या म्हंजी झालं." पार्किंग झालं. यंदा होळीला मुद्दाम जाऊन पाहिलं. भोवती उंच इमारती, राहणारे बहुतेक बाहेरगावचे, आणि मधोमध गोल रिकामा. पाटी नाही, दोरी नाही. लांब गाडी लावून येणाऱ्या एका तरुणाला विचारलं, "तिथे का नाही लावली?" तो क्षणभर गोंधळला. म्हणाला, "आज तिथे कोणीच लावत नाही ना."