चुलीवरून उतरवलेला भात

आपल्या मासिकात लोक भुताखेतांचे अनुभव लिहून पाठवतात, ते मी वाचतो आणि बहुतेक वेळा हसतो. मी ठाण्याच्या एका इंग्रजी शाळेत मास्तर आहे. टेंभी नाक्याजवळ राहतो. अंगात येणं, उतारे, मुंजा... हे सगळं थोतांड आहे असं पोरांना सांगत आलो, आणि अजूनही सांगतो. कोणी मला भोळा समजू नये म्हणून हे आधीच लिहून ठेवलं.

विषय एका इंग्रज कादंबरीकाराचा आहे. नाव देत नाही. हा गृहस्थ आधी लंडनच्या पोलीस कोर्टात बातमीदार होता म्हणे, मग खुनाच्या कादंबऱ्या लिहायला लागला. त्याच्या पुस्तकात राजवाडे नाहीत, सद्गुणी नायक तर औषधालाही नाही. चिखलाच्या गल्ल्या, दारूचे गुत्ते, लाच खाणारे शिपाई, आणि बायकोला मारून दुसऱ्या दिवशी वेळेवर कामाला जाणारे नवरे. मला तो फार आवडायचा. नऊ वर्षांपूर्वी त्याची एक कादंबरी मी मुंबईहून आणली आणि एका मासिकासाठी तिचं रूपांतर करायला घेतलं. म्हणजे आपल्याकडे करतात तसंच, टॉमचा तात्या करायचा आणि थेम्स नदीची कल्याणची खाडी करायची.

कल्याणचीच का, तर ती मला माहीत होती. माझी थोरली बहीण द्वारका आदल्या वर्षी तिथे बुडून मेली होती. कार्तिकात दिवा सोडायला गेली आणि पायरीवरून पाय घसरला, असं भाऊजींनी सांगितलं. भाऊजी म्हणजे तिचे यजमान, कल्याणला कचेरीत कारकून. ते स्वतः त्या वेळी देवळात कीर्तनाला होते आणि लोक बोलवायला आले तेव्हाच उठले, असा त्यांचा जबाब होता. फौजदाराने मलाही विचारलं. द्वारकेच्या मनगटांवरचे वळ मी पाहिले होते. पण धाकटीचं लग्न ठरलेलं, आई माझे पाय धरून बसलेली — घराचं नाव कचेरीत नको म्हणून. मी लिहून दिलं की कोणावर संशय नाही. खाली झोकदार सही केली. माझ्या अक्षराची सगळे तारीफ करतात.

तर रूपांतर. रोज सकाळी शाळेच्या आधी दोन तास मी लिहायचो. नवरा बायकोला नदीत ढकलतो ते प्रकरण आलं, तेही लिहिलं. त्यात एक वाक्य असं होतं: ‘घरी येऊन त्याने आधी चुलीवरचा भात उतरवला, लागेल म्हणून, मग त्याच जाळावर ओल्या बाह्या वाळवल्या.’ मला पक्कं आठवतं, इंग्रजीत बटाटे होते. मी आधी बटाटेच लिहिले, मग आपल्याकडे कोण रोज बटाटे उकडतंय म्हणून खोडून भात केला. साहेबाने काय थंड डोक्याचा माणूस उभा केलाय, असं वाटून कौतुकही केलं मनातल्या मनात.

अंक निघाला. आठ दिवसांनी भर दुपारी भाऊजी माझ्या दारात. द्वारका गेल्यापासून ते ठाण्याला फिरकले नव्हते. त्यांचं दुसरं लग्न नौपाड्यातल्या एका वैद्यांच्या मुलीशी ठरलं होतं, बारा-तेरा वर्षांची पोर. मला वाटलं आमंत्रण द्यायला आले असतील. ते बसलेसुद्धा नाहीत. हातात तो अंक होता, त्या ओळीवर बोट ठेवून त्यांनी विचारलं,

“भात मी उतरवला, हे तुला कोणी सांगितलं?”

मी म्हटलं, अहो, ते इंग्रजी पुस्तकात आहे. त्यांनी अंक मिटला. आपण काय बोलून बसलो ते त्यांच्याही ध्यानात आलं असावं. तसेच जिना उतरून गेले. मी मात्र त्यांचा तो जबाब आठवत तिथेच बसलो. कीर्तनातून लोकांनी उठवून नेलेला माणूस घरी जाऊन भात उतरवेल कधी?

दुसऱ्या दिवशी सकाळीच मी वैद्यांकडे गेलो. द्वारकेचं, वळांचं, भाताचं, सगळं सांगितलं. म्हटलं, मुलगी देऊ नका. ते खलात औषध घोटत शांतपणे ऐकत होते. मग म्हणाले, “आणि मास्तर, तेव्हा जबाबात तुम्ही काय लिहून दिलं होतंत?”

जे लिहून दिलं होतं ते मी सांगितलं.

तेही बापच होते, त्यांनी मला हाकलून दिलं नाही. म्हणाले, हे वाक्य तुम्ही डूख धरून पदरचं घातलं नाहीत, साहेबाच्या पुस्तकात आहे, एवढंच दाखवा. मी लग्न मोडतो.

मी धावत घरी गेलो आणि पुस्तक न उघडताच घेऊन आलो, इतकी खात्री होती. त्यांच्या ओसरीवर ते पान काढलं. नवरा बायकोला ढकलतो, तिथून थेट गुत्त्यावर जातो, आणि प्रकरण संपतं. चूल नाही, बटाटे नाहीत, ओल्या बाह्या नाहीत. पुढची-मागची पानं चाळली. कुठेच काही नाही.

“कुठे आहे?” वैद्य म्हणाले.

“इथे नाही,” मी म्हणालो.

पुढे मुंबईला जाऊन दुसरी प्रत पाहिली, तीही तशीच. माझं हस्तलिखित अजून माझ्याकडे आहे. त्यात बटाटे खोडलेत आणि वर भात लिहिलाय, माझ्याच अक्षरात. मग ते बटाटे मी कुठे वाचले? द्वारकेने सांगितलं, असं आमची आई मरेपर्यंत म्हणत होती. मी तसं म्हणणार नाही. मेलेली माणसं बोलत नाहीत. मग काय झालं, ते मला आजही सांगता येत नाही.

लग्न वैशाखात लागलं. तिसऱ्या वर्षी ती पोर गेली. ताप आला होता, असं भाऊजींनी कळवलं. या खेपेला जबाब घ्यायला कोणी आलंच नाही.

वैद्यांना इंग्रजीचं एक अक्षर येत नव्हतं. त्या पानावर मी कुठेही बोट ठेवलं असतं, तरी त्यांनी लग्न मोडलं असतं. फौजदारापुढे खोटं लिहून देताना माझा हात अडला नाही, आणि नेमकं त्या ओसरीवर मला खरं बोलायचं सुचलं.