वर्ण : फेअर

माझ्या थोरल्या बहिणीच्या बायोडेटात ‘वर्ण’ या शब्दापुढे ‘फेअर’ असं मी लिहिलं. घरात इंग्रजीत एम. ए. झालेली मी एकटीच, त्यामुळे असली कामं माझ्याकडे यायची. आक्का काळी होती. सावळी नव्हे, निमगोरी नव्हे, काळी. आई म्हणत होती, ‘गव्हाळ लिही.’ मला ते गावंढळ वाटलं. खोटंच लिहायचं तर निदान इंग्रजीत लिहावं, एवढीच माझी अक्कल.

आता नांदेडच्या कॉलेजात मी हाच शब्द दरवर्षी शिकवते. जुन्या इंग्रजीत त्याचं रूप ‘फेगर’ असं काहीसं होतं आणि अर्थ नुसता देखणा, बघून बरं वाटेल असा. माणसाला लावत, तसा निरभ्र आभाळालाही लावत. कातडीच्या रंगाशी त्याचं काही देणंघेणं नव्हतं. पुढे कधीतरी देखणं म्हणजे गोरंच, असं तिकडच्या लोकांनीही ठरवून टाकलं. माणसं इथूनतिथून सारखीच. डाग नसलेलं, म्हणून न्यायाचं, असाही एक फाटा फुटला. रेशन दुकानाच्या पाटीवरचं ‘रास्त’ ते हेच. शाळेत रफ वही फाटेस्तोवर वापरायची आणि फेअर वही पाहुण्यासारखी जपायची, तेही हेच. आणि प्रगतिपुस्तकात हा शब्द आला, तर अर्थ होतो बेताचं, चालून जाईल असं. इथं पोरं हसतात. मी पुढच्या शब्दाकडे वळते.

चाकूरला आमचा फोटो स्टुडिओ होता. वडील, म्हणजे आप्पा, फोटो काढायचे आणि आक्का कॉम्प्युटरवर बसून ते नीट करायची. नीट म्हणजे गोरे. स्थळांना दाखवायचे मुलींचे फोटो घेऊन पार जळकोटपासून लोक यायचे. ‘आक्का, जरा उजळू द्या की,’ एवढंच सांगायचे. दुसऱ्या कुणी केलं की चेहरा पिठात लोळवल्यासारखा दिसायचा. आक्कानं केलं की मुलगी जन्मतःच तशी आहे असं वाटायचं.

स्वतःचा फोटोही तिनं तसाच केला. तो बघून पाहुणे यायचे. पोहे घेऊन आक्का बाहेर आली की आधी फोटोकडे बघायचे, मग तिच्याकडे. एका बाईनं तर सरळ विचारलं, ‘फोटोतली पोरगी कुठाय?’ नकार सगळ्यांनी दिला, पोहे मात्र कुणी सोडले नाहीत. नकटीच्या लग्नाला सतरा विघ्नं म्हणतात. आमच्या आक्काचं तर नाकही सुरेख होतं. हळूहळू स्थळं यायचीच थांबली. फावल्या वेळात घरातले स्वतःचे जुने फोटो स्कॅन करून आक्का एकेक उजळत गेली. शाळेतला, माझ्या लग्नातला, आईच्या मांडीवरचा. मूळ फोटो पिवळे पडले होते, टाकून दिले, असं तिनं मला फोनवर सांगितलं. मी म्हणाले, ‘बरं केलंस.’

मागच्या उन्हाळ्यात काविळीनं ती गेली. आप्पा त्याआधीच गेले होते. भिंतीवर लावायला मी तिचा एक फोटो निवडला, तर आईनं तो हातातून काढून घेतला. ‘ही माझी लेक न्हाई. ती जशी हाय तसा लाव.’

तसा फोटो मिळेना. पेट्या झाल्या, नातेवाइकांचे अल्बम झाले. माझ्या मोबाईलमधले बघितले, तर मोबाईल न सांगताच सगळ्यांना गोरं करून ठेवतो. शेवटी मी आक्काच्याच खुर्चीत बसून, तिच्याच कॉम्प्युटरवर तिचा चेहरा काळा करायला घेतला. शेजारी आई.

‘अजून जरा.’

केला.

‘न्हाई, एवढी न्हाई.’

मागे घेतला. दुपारभर हेच चाललं. चेहरा कधी राखेचा व्हायचा, कधी करपलेल्या भाकरीचा; आक्का काही होईना. तिचे गाल कपाळाच्याच रंगाचे होते की निराळे, हे मलाच आठवेना. एका ताटात जेवलो होतो आम्ही. माझी मला लाज वाटली आणि ती मी आईवर काढली. ‘जन्म तूच दिलास ना तिला? मग नीट सांग की, कशी होती!’

आई पडद्याकडे बघत म्हणाली, ‘मी कवा डोळं भरून बघितलंच न्हाई गं तिच्याकडं. बघितलं की हिचं कसं व्हायचं म्हणून जीव लई जळायचा. बोलताना बी दुसरीकडंच बघायची मी.’

मी कॉम्प्युटर बंद केला. भिंतीवर आक्काचा फोटो अजून लागलेला नाही.