पानिपतला गेलेली माणसं

विष्णू टिळेकर घाबरले की विनोद करत. हे फक्त लतिकाला ठाऊक होतं. बाकीच्यांना वाटे, काय दिलखुलास माणूस आहे! हर्नियाच्या ऑपरेशनआधी त्यांनी भूल देणाऱ्या डॉक्टरीणबाईंना सांगितलं होतं, "उठाना मत भूलना जी, अभी पेंशन शुरू होनी है." बाई हसल्या नाहीत. विष्णूपंतांचे विनोद सहसा असेच फुकट जात.

पण माणूस हार मानणारा नव्हे. कुणी हसलं नाही की आधी ते स्वतः हसत, मग तोच विनोद आणखी मोठ्यानं सांगत, आणि तरीही समोरचा ढिम्म राहिला तर बायकोकडे वळून म्हणत, "लतिका, चहा होईल का गं?" दिल्लीतल्या सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये नोकरी संपेपर्यंत आणि नंतर द्वारकाच्या फ्लॅटमध्ये, या फसलेल्या विनोदांपायी तिनं किती चहा केला असेल, देव जाणे.

त्यांच्या एकुलत्या एक लेकीनं, देविकानं, नीरज नारंगशी लग्न ठरवलं. मुलगा सोन्यासारखा, पण पानिपतचा. घरचा चादरींचा कारखाना, म्हणजे लग्नानंतर देविका तिकडेच राहणार. विष्णूपंत तोंडानं "बिल्कुल, बिल्कुल" म्हणाले आणि मग आठवडाभर मोबाइलवर पानिपतच्या गाड्यांच्या वेळा बघत बसले. लतिकानं ते पाहिलं. तिलाही कुठे झोप लागत होती?

नीरजचे आईवडील बोलणी करायला घरी आले. कांदेपोहे पसंत पडले, गप्पा रंगल्या. तेवढ्यात विष्णूपंतांनी घसा खाकरला आणि लतिकानं त्यांना डोळ्यांनी खुणावलं.

"नारंगसाहब, हम मराठी लोग पानिपत के नाम से ज़रा डरते हैं. पिछली बार हमारे लोग वहाँ गए थे, तो लौटे ही नहीं!"

कुणीच हसलं नाही. विष्णूपंत एकटेच हसले. नारंगसाहेबांनी हातातली प्लेट खाली ठेवली आणि गंभीरपणे विचारलं, "ओहो! हाईवे पे एक्सीडेंट हुआ था जी?"

देविकानं डोळे मिटून घेतले.

"नहीं, नहीं! सत्रह सौ इकसठ में!" विष्णूपंतांचा आवाज चढला. मग अब्दाली आला, तोफा आल्या, उपाशी सैन्य आलं. लग्नाच्या बैठकीत पोहे गार होईतो लढाई चालली, आणि शेवटी नारंगसाहेब मान हलवून म्हणाले, "बहुत बुरा हुआ जी." दुखवट्याला आल्यासारखे.

"लतिका, चहा होईल का गं?"

लतिका उठली. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं होतं, संतापही आला होता. पण नवरा देविकाच्या ओढणीचं टोक मुठीत घट्ट धरून बसलेला दिसला आणि तिचा राग जागच्या जागी विरघळला.

ती मूठ नीरजच्या आईनंही पाहिली असावी.

"भाईसाहब," ती हळूच म्हणाली, "इकलौती है ना?"

विष्णूपंतांनी मान डोलावली.

"फिर तो डर लगेगा ही. आप फ़िकर मत करो. पहली बार मैं खुद छोड़ने आऊँगी."

यावर विष्णूपंतांनी विनोद न करता नुसते हात जोडले. लतिकाच्या आठवणीत असं पहिल्यांदाच घडत होतं.

लग्न झालं. देविका पानिपतला गेली आणि घर इतकं शांत झालं की लतिका नवऱ्याला म्हणाली, "अहो, एखादा विनोद तरी करा ना." त्यांनी केला. तिला हसू आलं नाही, तरी ती हसली.

पहिल्या माहेरपणाला बेल वाजली ती सकाळीच. दारात देविका, मागे चादरींचा गठ्ठा घेतलेला नीरज, आणि सुनेचा हात धरून त्याची आई.

"गिन लीजिए भाईसाहब," ती ठसक्यात म्हणाली. "इस बार पानिपत से सब लौटे हैं!"

नीरज हसला, देविका हसली, लतिकाला तर हसू आवरेना. समोरच्या फ्लॅटचं दार उघडलं इतका गलका झाला. विष्णूपंत तेवढे हसले नाहीत. लेकीकडे एकटक बघत राहिले, आणि मग घाईघाईनं पाठ फिरवून चष्मा काढत म्हणाले, "लतिका, चहा होईल का गं?"