उत्तमभाऊंचे डायग्राम

दुकानात गल्ला साठो न साठो, किस्से मात्र साठतात. भद्रावतीत मी आणि उत्तमभाऊ कॉम्प्युटर दुरुस्त करतो. चालूच न होणारं मशीन भाऊंच्या टेबलावर जातं. त्या मदरबोर्डाचा डायग्राम ते लॅपटॉपवर उघडतात आणि वीज कुठून शिरते, कुठे अडते, ते मीटर लावून शोधतात. डायग्रामशिवाय बोर्डाला हात लावणार नाहीत. हट्टी माणूस!

*

एका गुरुजींना हे बघून धडकीच भरली. "भाऊ, इतकं पाहून पाहून करून राह्यले, पहिल्यांदाच करता का?"

भाऊ मान वर न करता म्हणाले, "न पाहता करणारा बाजूच्या दुकानात हाय."

गुरुजी खुर्ची ओढून बसले.

*

भाऊंच्या घरचा मिक्सर बंद पडला. वहिनी म्हणाल्या, बघा जरा.

"याचा डायग्राम नाई मायापाशी."

"पाटा हाय. घ्या चटणी वाटून."

तेव्हापासून मिक्सर डायग्रामशिवाय दुरुस्त होतो.

*

प्रकाश आमच्याकडेच काम शिकला आणि कोरपन्याला दुकान टाकून बसला. जाताना त्याने डायग्राम मागितले. "हे जमवाले माही जवानी गेली," म्हणून भाऊंनी नाही म्हटलं. पुढे त्याचं दुकान जोरात चालायला लागलं, तशी भाऊंना शंका आली. भर चौकात त्याला चोर म्हणाले. तो आईची शपथ घेत राहिला. बोलणं तुटलं. मला फार वाईट वाटलं.

*

मग एक दिवस मुलचेऱ्याहून मंदाबाई आल्या, बसमध्ये मांडीवर सीपीयू घेऊन. गावच्या लोकांच्या धानविक्रीची नोंदणी त्याच करतात. उद्या शेवटचा दिवस, सगळी कागदपत्रं त्या मशीनमध्ये आणि मशीन ढिम्म.

भाऊंनी आपला लॅपटॉप उघडला. तोही ढिम्म! दोन्ही मशीनमध्ये डिस्क बोर्डालाच जोडलेली, काढून दुसरीकडे लावायची सोय नाही.

"भाऊ, मग हाच करा न आधी दुरुस्त," मंदाबाई म्हणाल्या.

"याचा डायग्राम यातच हाय, बाई."

मंदाबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. "लोक दारात बसले असतीन, भाऊ."

भाऊ बराच वेळ मीटरची वायर बोटाला गुंडाळत राहिले. मग त्यांनी माझा फोन घेतला आणि कोरपन्याला लावला.

"प्रकाश, खरं सांग. माये डायग्राम तू चोरले होते का नाई?"

"नाई जी भाऊ. आईची शपथ."

"अबे, चोरले असशीन तर लय उपकार होतीन."



"कोणता पाठवू, भाऊ? सारेच हायेत."