पाखरू गेल्यावरचा काळोख

यंदा आमच्या जत्रेच्या कमानीवर दिव्यांचं पाखरू उडणार होतं. शेजारची सुनीता डेकोरेशनची कामं घेते. तिन्हीसांजेला ती कमानीखाली लॅपटॉप घेऊन बसली होती, आणि मी उगाच तिच्याजवळ रेंगाळले. लेकीला नुकतंच एसटीत बसवून आले होते. घरी जावंसं वाटेना.

सुनीताने बटण दाबलं. लॅपटॉपवर देवळाकडे उडणारं पाखरू कमानीवर मात्र एसटी स्टँडकडे निघालं.

"अगं बाई! दिवे मागच्या बाजूने बसवले ना, डावं-उजवं उलटं झालं," म्हणत ती हसली आणि तिने चित्र फिरवून घेतलं.

मी बघत राहिले. एकही दिवा जागचा हलत नव्हता. जो तो आपल्या जागी क्षणभर उजळायचा, विझायचा, आणि त्यातूनच ते पाखरू पंख हलवत पुढे जायचं. घरंही अशीच असतील का? आपण जागच्या जागी, आणि आपल्याला उजळवत कुणीतरी पुढे निघालेलं.

शेवटच्या दिव्यापाशी पाखरू नाहीसं झालं. कमान बराच वेळ काळीच राहिली.

"बिघडलं का गं?" मी विचारलं.

"नाही काकू, तेवढा काळोख मीच ठेवलाय. लगेच परत आणलं तर ते गेल्यासारखंच वाटत नाही."

घरी आले. लेकीचं अंथरूण तसंच पसरलेलं होतं. घडी घालायला वाकले, आणि दिवा न लावता तिथेच बसून राहिले.